फेलिचे बिआटो आणि सिकंदरबागेची हाडे

लखनौच्या सिकंदरबागेचे एक छायाचित्र सत्तावनच्या इतिहासावरील सचित्र ग्रंथांतून बहुतेक वाचकांच्या पाहण्यात आलेच असेल. तोफगोळ्यांनी ठिकठिकाणी खरवडून निघालेली खांबांची एक इमारत, तिच्यापुढे मोकळे अंगण, त्या अंगणात सर्वत्र विखुरलेल्या मानवी कवट्या व हाडे, आणि या सर्वांमध्ये स्वस्थपणे उभी राहिलेली काही हिंदी माणसे व एक घोडा, असे ते दृश्य आहे. चित्राच्या मूळ मथळ्याचा आशय असा की, १८५७ च्या नोव्हेंबरात सर कॉलिन कॅम्पबेल याने लखनौवर केलेल्या पहिल्या चढाईत ९३ वी हायलँडर पलटण व ४ थी पंजाब पलटण यांनी २,००० बंडवाल्यांची कत्तल केली, त्यानंतरचा हा बागेचा अंतर्भाग. मथळ्यातील ‘त्यानंतरचा’ या शब्दावर विसंबून, लढाईचा धूर विरतो न विरतो तोच कोणा धाडसी माणसाने हे चित्र घेतले असावे, असा समज आमचाही पुष्कळ वर्षे होता.

तो समज चुकीचा आहे. सिकंदरबागेवरील हल्ला १६ नोव्हेंबर १८५७ रोजी झाला. ज्याने हे चित्र घेतले तो फेलिचे बिआटो कलकत्त्याच्या धक्क्यावर उतरला तोच मुळी १८५८ च्या फेब्रुवारीत. नोव्हेंबरात इंग्रजांनी रेसिडेन्सीतील आपल्या लोकांची सुटका केली आणि आउट्रमला आलमबागेत ठेवून ते शहर सोडून गेले. लखनौ पुन्हा त्यांच्या हाती आले ते मार्च १८५८ मध्ये. बिआटोने आपले यंत्र सिकंदरबागेत मांडले ते त्या मार्चच्या अखेरीस किंवा एप्रिलात, म्हणजे कत्तलीनंतर चार-पाच महिन्यांनी. यावर आणखी एक गोष्ट आहे. त्या वेळी अयोध्या प्रांतात न्यायखात्याचा अधिकारी असलेल्या व पुढे बंगालचा लेफ्टनंट-गव्हर्नर झालेल्या सर जॉर्ज कॅम्पबेल याने १८९३ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या आठवणींत असे लिहून ठेवले आहे की, छायाचित्रकार येण्यापूर्वी ही प्रेते रीतसर झाकून टाकली होती, परंतु त्यांची कायमची विल्हेवाट लागण्याआधी ती उघडी करून त्यांचे चित्र घेऊ द्यावे असा त्याने हट्ट धरला. मग अंगणातील ही हाडे जशी पडली तशी नाहीत. ती कोणी तरी बाहेर काढून आणि पसरून ठेवलेली आहेत.

एवढे कळल्यावर अभ्यासकांत दोन तट पडावेत हे साहजिकच होते. एक पक्ष म्हणतो, हे चित्र बनावट आहे, इतिहासाचे साधन म्हणून त्यास किंमत नाही. दुसऱ्या पक्षाच्या मते हाडे खरी, जागा खरी, कत्तल खरी, मग मांडणीचा एवढा बाऊ कशाला? आम्हांस यांपैकी कोणत्याच पक्षात जाऊन बसता येत नाही. बिआटोने मांडणी केली हे आम्ही मान्य करतो, आणि तरीही हे चित्र साक्षीपुरावा म्हणून टाकून देण्याजोगे नाही असे आमचे मत आहे. मात्र ते ज्या गोष्टीची साक्ष देते ती, मथळ्यात सांगितली आहे त्याहून निराळी आहे. हे पटवून देण्यासाठी या गृहस्थाचा धंदा काय होता हे आधी थोडे पाहावे लागेल.

बिआटोच्या चरित्राची हकीकत एखाद्या गुप्तहेरकथेसारखी गुंतागुंतीची आहे. त्याच्या कित्येक चित्रांवर ‘फेलिचे अँटोनियो बिआटो’ अशी सही आढळे, आणि एकच मनुष्य एकाच काळी इजिप्तात व जपानात कसा असू शकतो या कोड्यात पंडित कितीतरी वर्षे पडले होते. वस्तुतः फेलिचे आणि अँटोनियो हे दोघे सख्खे भाऊ. दोघेही छायाचित्रकार. धाकटेपण-थोरपणाचा विचार न करता दोघांनी एकच सही वापरली, इतकेच. फेलिचेचा मृत्यूचा दाखला हाती आला तो २००९ साली. त्यावरून त्याचा जन्म व्हेनिस येथे १८३२ मध्ये झाला व तो फ्लॉरेन्स येथे २९ जानेवारी १९०९ रोजी वारला, हे निश्चित झाले. त्याचे बालपण कॉर्फू बेटात गेले. ते बेट तेव्हा इंग्रजांच्या छत्राखाली असल्यामुळे जन्माने इटालियन असलेला हा मनुष्य इंग्रज प्रजाजन म्हणून वावरला. इंग्रजी फौज जेथे जाई तेथे त्यास सहज वाट मिळे याचे एक कारण हेच होय.

या विद्येतला त्याचा गुरू म्हणजे त्याचा मेहुणा जेम्स रॉबर्टसन. हा कॉन्स्टॅन्टिनोपल येथील तुर्की सुलतानाच्या टांकसाळीत नाण्यांचे ठसे कोरणारा मुख्य कारागीर होता, आणि १८५५ मध्ये त्याने बिआटोच्या बहिणीशी लग्न केले. त्याच वर्षी मेहुणे-मेहुणे क्रिमियाच्या युद्धभूमीवर गेले. तेथे त्यांच्या आधी रॉजर फेंटन हा इंग्रज छायाचित्रकार एका दारूविक्याच्या गाडीची अंधारखोली करून वावरत होता. फेंटनने ३५० च्या वर काचा तयार केल्या, आणि त्यांपैकी एकीतही मेलेला माणूस दिसत नाही. मँचेस्टरच्या चित्रविक्या अ‍ॅग्न्यू याने त्यास धाडले होते, राणीच्या दरबारात त्याची ऊठबस होती, आणि स्वदेशातील घरोघरच्या दिवाणखान्यांत ठेवावयाच्या चित्रांत आपल्याच सैनिकांची प्रेते कोणास हवी होती? त्याचे सर्वांत प्रसिद्ध चित्र म्हणजे तोफगोळ्यांनी भरलेला एक ओसाड रस्ता. त्याच्या दोन काचा आज उपलब्ध आहेत. एकीत गोळे रस्त्यावर आहेत, दुसरीत रस्ता मोकळा असून गोळे बाजूच्या खळग्यांत आहेत. यांतील आधीची कोणती व नंतरची कोणती, गोळे रस्त्यावर कोणी आणून मांडले की काय, हा वाद अगदी अलीकडेपर्यंत रंगलेला आहे. रॉबर्टसन व बिआटो यांना सेबास्टोपोलचा पाडाव सापडला. सप्टेंबर १८५५ मध्ये पडलेल्या तटबंद्या, मोडक्या तोफा, मालाकॉफ बुरुजातील उद्ध्वस्त खंदक त्यांनी टिपले. त्यांच्या काचांतही पडझड भरपूर आहे, माणसे फार थोडी.

येथे त्या काळच्या यंत्राविषयी दोन शब्द सांगणे अवश्य आहे. हल्ली क्षणार्धात चित्र निघते, त्यामुळे तेव्हाच्या अडचणीची कल्पना येत नाही. काचेवर अंड्याच्या पांढऱ्या बलकाचा, किंवा कलोडियन नावाच्या चिकट द्रवाचा, थर द्यावयाचा, त्यात चांदीचे क्षार मुरवावयाचे, आणि मग ती काच यंत्रात घालून पुष्कळ वेळ उघडी ठेवावयाची. तेवढ्या वेळात जे हलेल ते पुसट होईल किंवा अजिबात उमटणारच नाही. धावता शिपाई, उडती धूळ, तोफेचा भडका यांपैकी काहीही त्या काचेच्या आवाक्यातले नव्हते. युद्धाच्या चित्रकारास जे सापडे ते युद्ध होऊन गेल्यावर उरलेले. भिंती हलत नाहीत, आणि प्रेते हलत नाहीत. फेंटनच्या मागून आलेल्या पिढीने भिंतीवरून प्रेतांकडे नजर वळवली यात त्यांच्या मनाचा कल जितका होता तितकाच यंत्राचाही होता, हे टीका करताना विसरून चालणार नाही. युद्धाची छायाचित्रे बिआटोच्या आधी निघालीच नव्हती असेही नाही. कंपनीच्या बंगाली फौजेतला मॅकॉश नावाचा डॉक्टर दुसऱ्या शीख युद्धात व पुढे १८५२ च्या ब्रह्मी युद्धात यंत्र बरोबर बाळगून होता. परंतु पडलेल्या माणसांस आपल्या चित्राचा मुख्य विषय करण्याचे धाडस, किंवा निगरगट्टपणा म्हणा, प्रथम मोठ्या प्रमाणावर बिआटोनेच केला.

आता लखनौ. आम्ही त्याची लखनौची चित्रे एका मोठ्या संग्रहात ओळीने पाहिली तेव्हा पहिल्याने मनात आले ते हे की, हा मनुष्य इमारतींचा फार मोठा चित्रकार होता. इमामबाड्याच्या उंचीवरून घेतलेल्या काचांचे तुकडे जोडून त्याने शहराचे जे सलग देखावे केले आहेत, त्यांत मनोरे, घुमट, गच्च्या आणि त्यांमधून वाहणारी पोकळी यांचा तोल असा साधला आहे की दृष्टी एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे आपोआप सरकत जाते. गोमतीच्या पाण्यावर छत्तरमंझिल, आणि तिच्यासमोर नवाबाची माशाच्या आकाराची नाव, हे चित्र तर कोणाही रसिकाने तासभर पाहात बसावे असे आहे. वाजिद अली शाह १८५६ मध्ये पदच्युत होऊन कलकत्त्यास गेला होता. त्याची नाव मात्र धन्याची वाट पाहात असल्यासारखी त्या चित्रात उभी आहे. पुढे इंग्रज सरकारने बंदोबस्ताच्या सोयीसाठी लखनौचे मोहल्लेच्या मोहल्ले पाडून रुंद रस्ते काढले, कैसरबागेचाही बराच भाग नाहीसा केला. त्यामुळे जुन्या लखनौचे रूप जाणून घ्यावयाचे तर आज या विजेत्यांच्या आश्रिताच्याच काचांकडे जावे लागते. हा उपकार आम्ही नाकारीत नाही.

परंतु ही चित्रे ज्यांच्यासाठी काढली गेली ते रसिक इमारती पाहण्यासाठी ती विकत घेत नव्हते. बिआटोचे गिऱ्हाईक म्हणजे त्या मोहिमेत लढलेले अधिकारी व त्यांचे विलायतेतील आप्त. त्याची लखनौ, कानपूर आणि दिल्ली या तिन्ही शहरांची चित्रे अनुक्रमाने लावली असता मोहिमेचा नकाशाच तयार होतो. कॅम्पबेलची फौज कोणत्या दरवाज्याने शिरली, रेसिडेन्सीच्या कोणत्या भिंतीला कोणते भगदाड पडले, दिल्लीचा काश्मिरी दरवाजा कसा फुटला, हे त्यांत ठिकाणवार आहे. कानपुरास त्याने व्हीलरच्या मोर्चाचे व सतीचौरा घाटाचे चित्र घेतले. तो घाट मराठी वाचकांस नानासाहेब पेशव्यांच्या नावामुळे परिचित आहे. २७ जून १८५७ रोजी तेथे जे घडले, आणि जुलैमध्ये बिबीघरात इंग्रज स्त्री-मुलांची जी हत्या झाली, तिच्या बातम्यांनी विलायतेत सूडाचा जो डोंब उसळला होता, त्या डोंबात ही चित्रे विकली जावयाची होती. एका चित्रात ३१ व्या देशी पलटणीचे दोन शिपाई फाशीच्या खांबाला लटकत आहेत आणि भोवती लोक उभे आहेत. यात कोणास काही लपवावेसे वाटले नाही. सिकंदरबागेच्या मथळ्यात कत्तल हा शब्द इतक्या उघडपणे आला आहे त्याचे कारणही तेच. ज्याची लाज वाटते ते मनुष्य झाकून ठेवतो. येथे तर झाकलेले मुद्दाम उघडे केले.

आमच्या मते या चित्राची खरी साक्ष येथे आहे. नोव्हेंबरातील त्या दिवशी अंगण कसे दिसत होते हे ते आपल्याला सांगू शकत नाही. त्या दिवशी तेथे प्रेते होती, रक्त होते, धूर होता आणि बहुधा ओरडा होता. परंतु १८५८ च्या वसंतात विजेत्यांना ते अंगण कसे पाहावयास हवे होते, हे मात्र ते चित्र अचूक सांगते. मातीखाली गेलेला शत्रू पुन्हा वर काढून त्याची मोजदाद दाखवावी, ही इच्छा त्या काचेवर उमटलेली आहे, आणि ती कोणत्याही खलित्यापेक्षा अधिक प्रामाणिकपणे उमटली आहे. लष्करी खलित्यांत सेनापती संयमाने लिहितो. विक्रेत्याला गिऱ्हाइकाचे मन ओळखावे लागते.

चित्रातल्या जिवंत माणसांकडे पाहा. इमारतीजवळ, हाडांच्या मधोमध, त्यांना उभे केले आहे. ती कोण, कोणत्या गावची, त्यांना तेथे उभे राहण्याचे काय मिळाले, हे मथळा सांगत नाही. चित्रकलेच्या दृष्टीने त्यांचे काम उघड आहे. इमारतीची उंची कळावी म्हणून माणूस उभा करण्याची रीत जुनीच आहे. पण एरव्ही देवळापुढे उभा केलेला माणूस देवळाचे माप सांगतो, येथे तो मृत्यूचे माप सांगतो, आणि तोही मेलेल्यांच्याच देशाचा व वर्णाचा आहे. त्यांच्या उभे राहण्यात शोक दिसत नाही, भीती दिसत नाही. यंत्रापुढे हलू नये अशी ताकीद असल्यामुळे जो ताठरपणा येतो तेवढाच दिसतो. कित्येक परदेशी टीकाकारांनी यावरून हिंदी लोकांच्या उदासीनतेविषयी काहीबाही लिहिले आहे. आम्हांस ते लिहिणे उथळ वाटते. काच उघडी असेतो जो मनुष्य हलला असता तो चित्रात उरलाच नसता. जो उरला त्याच्या मनात काय चालले होते, हे त्या स्तब्धतेवरून ठरविणे म्हणजे मुकाट बसलेल्या साक्षीदाराची जबानी आपणच लिहून काढण्यासारखे आहे.

मथळ्यातल्या ४ थ्या पंजाब पलटणीचाही विसर पडू देता कामा नये. ती हाडे हिंदी शिपायांची आणि त्यांना मारणाऱ्यांत निम्मे हात हिंदी. आपल्याकडील पुष्कळ पुस्तकांत हे चित्र छापताना मथळ्याचा हा अर्धा भाग गाळला जातो आणि केवळ हायलँडरांचे नाव ठेवले जाते, असे आमच्या पाहण्यात आले आहे. गाळणाऱ्याचा हेतू समजण्याजोगा आहे. परंतु बिआटोने हाडे हलवली म्हणून त्यास दोष देणाऱ्याने स्वतः मथळा हलवावा, हे न्यायाचे नाही.

दोन वर्षांनी, १८६० मध्ये, इंग्रज व फ्रेंच यांच्या संयुक्त फौजेबरोबर बिआटो चीनवर गेला. या फौजेतही पंजाबी व शीख स्वार होते. २१ ऑगस्ट १८६० रोजी टाकूचा उत्तरेकडील किल्ला पडला, आणि बिआटो लगोलग आत शिरला. या वेळी त्यास चार महिने थांबावे लागले नाही. शिड्या तटाला लावलेल्याच होत्या आणि चिनी सैनिक पडले होते तसेच होते. फौजेबरोबर असलेल्या रेनी नावाच्या डॉक्टराने या प्रसंगाचा वृत्तान्त लिहून ठेवला आहे. एका तोफेभोवती पडलेल्या प्रेतांच्या घोळक्यास बिआटो सुंदर म्हणत होता, आणि आपले काम होईतो कोणी त्यास हात लावू नये अशी विनवणी करीत मोठ्या उत्साहाने फिरत होता, असा त्याचा आशय आहे. हा उतारा वाचून बिआटोस राक्षस ठरविणारे पुष्कळ आहेत. आम्ही तितके पुढे जाणार नाही. आपल्या कामात बुडालेला कारागीर त्या क्षणी मांडणी पाहतो, विषय पाहात नाही. शस्त्रवैद्यही चांगल्या गाठीला सुंदर गाठ म्हणतो. तथापि शस्त्रवैद्य पुढच्या क्षणी रोग्याकडे वळतो. बिआटोच्या चित्रांत तो पुढचा क्षण कधी येत नाही. टाकूच्या प्रेतांपैकी एकाचाही चेहरा त्याने जवळून घेतलेला नाही. ती प्रेते मोडक्या तोफांच्या व फुटक्या तटाच्या जोडीने मोडतोडीचाच एक प्रकार म्हणून येतात.

पेकिंगात त्याने घेतलेली चित्रे अधिक प्रसन्न आहेत. १८ ऑक्टोबर रोजी लॉर्ड एल्गिनच्या हुकुमाने जो उन्हाळी राजवाडा जाळण्यात आला, त्याच्या परिसरातील काही इमारतींची अखेरची रूपे बिआटोच्या काचांत राहिली. (हाच एल्गिन पुढे हिंदुस्थानचा व्हाइसरॉय झाला व १८६३ मध्ये धर्मशाळा येथे मरण पावला.) तह करण्यासाठी आलेल्या राजपुत्र कुंग याचे चित्र तहाच्या वेळीच घेण्याचा बिआटोचा बेत उजेडाच्या अभावी फसला. त्या प्रसंगी आपल्याकडे रोखलेले ते यंत्र पाहून राजपुत्राचा चेहरा पांढराफटक पडला होता असे सेनापती होप ग्रँट याने नमूद केले आहे. काही दिवसांनी घेतलेले राजपुत्राचे चित्र मात्र उत्तम उतरले आहे. जित राजपुत्राच्या त्या तरुण, दमलेल्या मुद्रेत जे दिसते ते बिआटोच्या सगळ्या रणभूमींत मिळून दिसत नाही. माणसाला समोर बसवून त्याच्या तोंडाकडे पाहण्याची कुवत या चित्रकारात होती, हे त्यावरून सिद्ध होते. म्हणूनच रणांगणावर त्याने ती वापरली नाही याचा जाब विचारता येतो.

येथे एक गोष्ट स्पष्ट मांडली पाहिजे. आमच्या पाहण्यात आलेल्या बिआटोच्या कोणत्याही संग्रहात गोऱ्या सैनिकाचे एकही शव नाही. त्याचे मेलेले लोक हिंदी आहेत, चिनी आहेत, आणि १८७१ मध्ये अमेरिकन आरमाराबरोबर तो कोरियात गेला तेव्हाचे कोरियन आहेत. गोरे शिपाई या सर्व लढायांत पडले, परंतु ते चित्र घेण्यापूर्वी पुरले गेले. झाकलेले उघडे करण्याचा हट्ट त्यांच्या बाबतीत कोणी धरला नाही आणि धरला असता तर छावणीतून हाकलला गेला असता. अमेरिकेतल्या यादवी युद्धातील चित्रांशी तुलना केली म्हणजे हा भेद ठळक होतो. १८६२ च्या ऑक्टोबरात न्यूयॉर्कला ब्रेडीच्या चित्रशाळेत अँटिएटमच्या रणभूमीवरील प्रेतांची चित्रे मांडली गेली, तेव्हा ती पाहणाऱ्यांना आपलाच भाऊ, आपलाच मुलगा त्यांत असेल की काय अशी धास्ती होती. पुढच्या वर्षी गेटिसबर्गला अलेक्झांडर गार्डनर याने एका मृत सैनिकाला उचलून दगडांच्या आडोशाला नेऊन ठेवले व शेजारी बंदूक टेकवून चित्र घेतले. मांडणीचा अपराध त्याचाही बिआटोइतकाच आहे. परंतु त्याने ज्यास उचलून नेले त्याची भाषा त्याला येत होती, आणि चित्र पाहणाऱ्यालाही येत होती. सिकंदरबागेच्या हाडांची भाषा चित्र घेणाऱ्यास येत नव्हती आणि घेणाऱ्या गिऱ्हाइकासही ती ऐकावयाची नव्हती. १८६१ मध्ये लंडनला परतल्यावर बिआटोने हिंदुस्थान व चीन येथील सुमारे ४०० चित्रे हेन्री हेरिंग याला विकून टाकली, त्यात ही हाडेही गेली.

पुढच्या आयुष्याविषयी थोडक्यात सांगितले म्हणजे पुरे. १८६३ पासून योकोहामा येथे वार्गमन या चित्रकाराबरोबर त्याने दुकान मांडले. १८६६ च्या आगीत त्याच्या काचा भस्म झाल्या, तेव्हा त्याने पुन्हा नव्याने सुरुवात केली. जपानी कारागिरांच्या हातून हलक्या हाताने रंगविलेली त्याची सामुराई, फेरीवाले, स्त्रिया व वाटसरू यांची चित्रे आजही संग्राहकांच्या जिवाभावाची आहेत, आणि आमच्या मते त्याची कला तेथेच सर्वांत मोकळी झाली. सट्ट्यात पैसा बुडाल्यावर १८८४ मध्ये तो जपान सोडून गेला आणि खार्टूमला गॉर्डनच्या सुटकेसाठी निघालेल्या फौजेच्या मागे सुदानात दिसला. तेथेही वेळ टळून गेली होती.

शेवटचा मुक्काम ब्रह्मदेशात. येथे मात्र आम्ही क्षणभर थांबतो, कारण त्या हकिकतीचे दुसरे टोक आमच्या कोकणात आहे. इंग्रजांनी नोव्हेंबर १८८५ मध्ये मंडाले घेतले, थिबा राजाला कैद केले आणि १८८६ मध्ये त्याला रत्नागिरीस आणून ठेवले. समुद्राकडे तोंड करून बसणारा तो राजा तेथेच १९१६ मध्ये वारला, आणि त्याच्यासाठी १९१० मध्ये बांधलेला वाडा रत्नागिरीस जाणारा प्रत्येक जण पाहून येतो. ज्या वेळी थिबा रत्नागिरीच्या उन्हात दिवस मोजू लागला होता, सुमारे त्याच वेळी बिआटो मंडालेत येऊन उतरला. राजाने सोडलेल्या नगरीत त्याने चित्रशाळा काढली, आणि नंतर कोरीव लाकूडकाम, रेशीम, चांदीची भांडी यांचे दुकान थाटून टपालाने देशोदेशी माल धाडू लागला. मंडालेचे मठ व राजवाड्याचा परिसर यांची त्याची चित्रे सुरेख आहेत. त्यांत राजा कोठेच नाही हे सांगावयास नको. लखनौस नवाबाची नाव होती, मंडालेस राजाचे कोरीव लाकूड. धनी नाहीसा झाल्यावर त्या घरात शिरण्याची वेळ या गृहस्थाला जन्मभर साधली.

बिआटोच्या सिकंदरबागेपुढे आम्ही आपल्या भाषेतले एक पुस्तक नेहमी ठेवून पाहतो. वरसईचे विष्णुभट गोडसे हे दक्षिणेच्या आशेने उत्तरेत गेलेले भिक्षुक. बिआटो लखनौत काचा धूत होता त्याच सुमारास, म्हणजे मार्च-एप्रिल १८५८ मध्ये, ते झांशीत वेढ्याच्या आत अडकले होते. त्यांचा ‘माझा प्रवास’ चिंतामणराव वैद्य यांनी १९०७ साली प्रसिद्ध केला. भटजींनीही तो पुष्कळ वर्षांनी आठवणीतून लिहिला, त्यातही ऐकीव गोष्टी मिसळल्या आहेत, तपशील मागेपुढे झाले आहेत, आणि वैद्यांनी त्यावर आपला हात फिरवलेला आहे. म्हणजे मांडणी तेथेही आहेच. परंतु झांशीच्या लुटीचे दिवस भटजी सांगतात तेव्हा लपून बसलेल्या माणसाची तहान, गल्लीतल्या प्रेतांची दुर्गंधी आणि राजवाड्यातल्या पोथ्यांची धूळधाण ही सर्व एकाच जिवावर गुजरलेली आहेत. बिआटोच्या काचेत असा जीव नाही. उलट भटजींच्या पोथीत नसलेली एक गोष्ट त्या काचेत आहे. त्या दिवसांत आपल्याकडे कोण कोणत्या नजरेने पाहात होते, ही ती गोष्ट. आणि यंत्र केवळ परक्यांच्याच हाती होते असेही समजू नये. बंडापूर्वीच्या लखनौत अहमद अली खान ऊर्फ छोटे मियाँ हा गृहस्थ नवाबाच्या जनान्यातील बेगमांची व शहरातल्या गोऱ्या कुटुंबांची चित्रे आपल्या यंत्राने घेत होता, आणि त्यांतील कित्येक गोऱ्यांचा पुढे वेढ्यात अंत झाला. एकाच शहराचे चेहरे छोटे मियाँच्या काचांत आहेत आणि हाडे बिआटोच्या. हे दोन्ही संग्रह शेजारी शेजारी ठेवून छापण्याचे काम अद्याप मराठीत कोणी केलेले नाही असे आम्हांस दिसते. कोणी प्रकाशक पुढे आल्यास सिकंदरबागेच्या चित्राखाली हल्ल्याची तारीख, चित्राची तारीख आणि दोन्ही पलटणींची नावे, अशी तिन्ही द्यावीत एवढीच आमची अट राहील.